दिगलीपूर ते रंगत: अंदमानच्या वरच्या अंगाला सात दिवस

आमच्या चिपळूणकडचं कुणी अंदमानला जाऊन आलं की सेल्युलर जेल, हॅवलॉक, नील एवढंच ऐकायला मिळतं. सावरकरांच्या कोठडीतून डोळे पुसत बाहेर पडणाऱ्यांत दहा वर्षांपूर्वी मीही होते. परत आल्यावर मावशीने नकाशा उघडला होता. "अगं, हे एवढंसं दक्षिणेचं टोक झालं. वरचा हा लांबलचक भाग कुणी बघायचा?" मावशीने तीस वर्षं शाळेत भूगोल शिकवला. तो प्रश्न तिने सोडला नाही, आणि यंदा डिसेंबरच्या दुसऱ्या आठवड्यात मी तिलाच सोबत घेऊन गेले.

हा वरचा भाग म्हणजे उत्तर व मध्य अंदमान जिल्हा. २००६ साली तो वेगळा झाला. मुख्यालय मायाबंदर, दिगलीपूर आणि रंगत हे बाकीचे दोन तालुके. वस्ती लाखाच्या आसपास, तीही डोंगरांमधल्या सपाट खाचरांच्या कडेने आणि रस्त्याच्या अंगाने. उरलेलं सगळं जंगल, खाड्या आणि तिवरं.

दिवस पहिला: रात्रीचं जहाज

पोर्ट ब्लेअरहून (२०२४ पासून अधिकृत नाव श्री विजयपुरम, पण रिक्षावाल्यापासून लॉजवाल्यापर्यंत सगळे जुनंच नाव घेतात) दिगलीपूरला रस्त्यानेही जाता येतं, सव्वातीनशे किलोमीटर. तो रस्ता जारवा या आदिवासींच्या राखीव जंगलातून जातो. गाड्या ठरलेल्या वेळी ताफ्याने सोडतात. थांबायला बंदी, फोटोला बंदी. सर्वोच्च न्यायालयाने २००२ मध्ये हा टप्पा बंद करायला सांगितलं होतं, तरी वाहतूक चालू आहे. काचेला नाक लावून माणसं बघत जाणं आम्हां दोघींनाही नको होतं. म्हणून सरकारी जहाजाने थेट दिगलीपूरचं एरियल बे बंदर गाठायचं आणि तिथून खाली रंगतपर्यंत यायचं ठरवलं.

जहाज रात्री सुटलं. बंकवर झोप बरी लागली. पहाटे पाच वाजता मावशीने हलवून उठवलं, कारण बाहेर उजाडलं होतं. घड्याळ भारताचं आणि सूर्य जवळजवळ म्यानमारचा, असा हा प्रकार. डेकवर आलो तर समोर ढगात डोकं खुपसून बसलेला सॅडल पीक, ७३२ मीटर, या द्वीपसमूहातलं सर्वांत उंच शिखर. "म्यानमारच्या आराकान योमा रांगा समुद्रात बुडून पुढे सुमात्राकडे जातात ना, त्यांचे हे वर राहिलेले माथे," मावशी म्हणाली. हे वाक्य ती तीस वर्षं फळ्यापुढे उभी राहून सांगत आली होती. आज पहिल्यांदाच ते बोट समोर दाखवून सांगता आलं, आणि तिचा आवाज दाटून आला.

जाणाऱ्यांसाठी: जहाजाचं तिकीट मिळालं की परतीच्या तारखेपुढे एक दिवस मोकळा ठेवा. डिसेंबरपर्यंत बंगालच्या उपसागरात कधीही कमी दाबाचा पट्टा तयार होतो आणि फेऱ्या रद्द होतात. तो एक दिवस आम्हाला किती उपयोगी पडला, ते पुढे येईलच. रोख पैसेही पुरेसे जवळ असू द्या.

दिवस दुसरा: दोन बेटं आणि मधली वाळू

एरियल बेवरून छोट्या होडीने वीसेक मिनिटांत रॉस आणि स्मिथ ही जोडबेटं येतात. वनखात्याची परवानगी धक्क्यावरच काढावी लागते. दोन्ही बेटांना जोडणारी पांढऱ्या वाळूची पट्टी ओहोटीला उघडी पडते आणि भरतीला पाण्याखाली जाते. आम्ही पोहोचलो तेव्हा पाणी उतरत होतं. आधी घोट्याएवढ्या पाण्यातून चाललो, परत येताना तीच वाट कोरडी होती.

होडीवाल्या दादांचं वय पन्नाशीचं. २००४ च्या भूकंपाबद्दल मावशीनेच विषय काढला. त्या भूकंपात सगळी बेटं एकाच बाजूला हलली नाहीत. ग्रेट निकोबारचा इंदिरा पॉइंट सव्वाचार मीटर खचला आणि इकडे उत्तर अंदमान वर उचललं गेलं. पश्चिम किनाऱ्यावर आणि इंटरव्ह्यू बेटाजवळ एक मीटरहून जास्त. प्रवाळं पाण्याबाहेर येऊन उन्हात मेली, तिवरांच्या मुळांशी येणारं भरतीचं पाणी तुटलं. "लोग बोलते हैं सुनामी में पानी ऊपर आया," दादा म्हणाले. "इधर तो उसके बाद ज़मीन ऊपर आ गई." लहानपणी पोहायचे ती एक जागा त्यांनी दाखवली. तिथे आता करड्या प्रवाळाचे खडक उघडे होते, टोकदार, मेलेले. मावशीने वहीत छोटा नकाशा काढून घेतला.

बाराच्या सुमारास पाऊस आला. आपल्याकडे दिवाळी झाली की छत्र्या माळ्यावर जातात. इथे मेपासून नैऋत्य मोसमी वारे आणि ते सरले की ईशान्येचे. वर्षाला तीन हजार मिलिमीटरच्या आसपास पडतो, पण दोन हप्त्यांत. त्यामुळे डिसेंबरातही रान आपल्या श्रावणासारखं दिसतं.

दुपारचं जेवण दिगलीपूरच्या बाजारात, एका बंगाली काकींच्या खानावळीत. भात, मसूरडाळ, मोहरी वाटून केलेलं सुरमईचं कालवण आणि पुईशाक, म्हणजे आपली मायाळू. मावशीने केळफुलाची भाजी ओळखली आणि काकींना विचारलं, काळे वाल घालता का? काकी म्हणाल्या, चणे नाहीतर कोळंबी. मग दोघी चुलीशी उभ्या राहून केळफूल सोलताना हात काळे होऊ नयेत म्हणून काय लावावं यावर बोलत राहिल्या. हिंदी दोघींचीही मोडकी, पण अडलं काही नाही. तेल दोन्हीकडे लावतात.

बाजारात, शाळेच्या फाटकाशी, बसमध्ये बंगालीच कानावर पडते. फाळणीनंतर पूर्व पाकिस्तानातून आलेल्या निर्वासित कुटुंबांना १९४९ पासून अंदमानात जमिनी दिल्या गेल्या, आणि या जिल्ह्यातली बहुतेक भातखाचरं त्यांनीच पन्नाशीच्या दशकात जंगल तोडून तयार केली. दिगलीपूरभोवतीची गावं बघा: सुभाषग्राम, रामकृष्णग्राम, कालीघाट.

दिवस तिसरा: कालीपूर

सॅडल पीकवर जायचं होतं. लामिया बेपासून वर एका बाजूने आठेक किलोमीटरची चाल, आणि पावसाळी दिवसांत वाट निसरडी. वनरक्षकांनी सकाळीच सांगितलं, शिखरापर्यंत आज कुणाला सोडणार नाही. पहिले दोनेक किलोमीटर किनाऱ्याच्या कडेने जंगलातून चालून आलो. गर्जनची झाडं सरळ वर गेलेली. पहिली फांदी बघायला मान पूर्ण मागे टाकावी लागते. जळवा भरपूर. मावशीने चिपळूणहून मिठाची पुरचुंडी आणली होती.

याच डोंगरातून कालपोंग नदी निघते. या बेटांवर ओढे पुष्कळ, पण नदी म्हणावं असं हेच एक पाणी. तिच्यावर सव्वापाच मेगावॉटचा जलविद्युत प्रकल्प आहे.

रात्र मात्र अनपेक्षित निघाली. कालीपूरच्या किनाऱ्यावर कासवं अंडी घालायला येतात. ऑलिव्ह रिडलेचा हंगाम नुकता सुरू झाला होता. हिरवं कासव, चोचवालं आणि अजस्र लेदरबॅकही याच वाळूवर येतात. आमच्या रत्नागिरी जिल्ह्यातल्या वेळासला मी बऱ्याचदा गेले आहे, पण पिल्लं सोडायच्या वेळी, सकाळच्या उजेडात. अंडी घालणारी मादी मी कधी पाहिली नव्हती.

साडेदहाच्या पुढे वनखात्याच्या माणसाने लांबूनच थांबायची खूण केली. लाल उजेडात ती दिसली. मागच्या पायांनी वाळू उकरत होती, आळीपाळीने, एक पाय मग दुसरा. वाळू उपसून बाजूला टाकण्याआधी प्रत्येक वेळी जरा थांबायची. अंडी घालायला लागल्यावर आम्हाला मागच्या बाजूने जवळ जाऊ दिलं. शंभराच्या आसपास अंडी असतात. डोळ्यांतून पाणी गळत होतं. ते रडणं नव्हे, शरीरातलं जादा मीठ असं बाहेर पडतं, हे मला माहीत होतं. तरी मावशीने माझा हात घट्ट धरला होता. खड्डा बुजवून झाल्यावर ती अंगाने वाळू थापटत राहिली आणि मग समुद्राकडे निघाली. ती पाण्यात गेल्यावर त्या माणसाने अंडी मोजून बादलीत घेतली आणि कुंपणातल्या उबवणीच्या जागेत तेवढ्याच खोलीवर पुरली. काम अगदी वेळाससारखं. मी त्याला आमच्या वेळासच्या घरट्यांबद्दल सांगितलं तर त्याने पुन्हा पुन्हा विचारलं, तिथे कुत्र्यांचं काय करता?

जाणाऱ्यांसाठी: कासवं बघायला एकटे किनाऱ्यावर फिरू नका, वनखात्याच्या माणसाबरोबरच जा. पांढरी विजेरी आणि फ्लॅश अजिबात नको. संध्याकाळी वाळूत बसणार असाल तर वाळूमाश्यांसाठी पायाला खोबरेल तेल चोपडा. खाज आठवडाभर टिकते. खाड्यांच्या तोंडाशी खाऱ्या पाण्यातल्या मगरींच्या पाट्या आहेत, त्या मनावर घ्या. आणि अंधार पाचलाच पडतो, म्हणून दिवसाची आखणी पहाटेपासून करा.

दिवस चौथा: वेबी

दिगलीपूरहून मायाबंदर बसने. वाटेत ऑस्टिनच्या खाडीवरचा चेंगप्पा पूल लागतो. उत्तर अंदमान संपून मध्य अंदमान सुरू होतं ते इथे, आणि मधली खाडी इतकी अरुंद की लक्ष नसेल तर बेट बदललं हे कळतही नाही. दोन्ही काठांना तिवरांची भिंत.

मायाबंदरजवळ वेबी नावाचं गाव आहे, करेन लोकांचं. १९२५ साली ब्रिटिशांना जंगलतोडीसाठी माणसं हवी होती. म्हणून ब्रह्मदेशातून, इरावतीच्या त्रिभुज प्रदेशातून ही कुटुंबं इथे आली. शंभर वर्षं झाली. वेबीबरोबर आसपासच्या आणखी काही गावांत मिळून ही वस्ती आता दोनेक हजारांची आहे. लोक बाप्टिस्ट ख्रिस्ती. पुरुषांच्या नावापुढे 'सॉ' आणि बायकांच्या नावापुढे 'नॉ' लावतात. आम्ही ज्यांच्या घरी उतरलो त्या ताई म्हणाल्या, वेबी म्हणजे लपलेलं शहर. खरोखरच रस्त्यावरून ते दिसत नाही; सुपारीच्या बागा संपेपर्यंत वाटतं पुढे नुसतं रान आहे.

घर लाकडी, खांबांवर उचललेलं. खाली सुपाऱ्या वाळत घातलेल्या. पाऊस आला की सगळं घर त्यांवर ताडपत्री ओढायला धावतं. आम्हीही धावलो. कोकणात वाढलेल्या बाईला हे शिकवावं लागत नाही.

जेवायला भात, रानभाज्या घालून केलेलं माशांचं पातळ कालवण, बांबूच्या कोंबांची भाजी आणि आंबवलेल्या माशांची तिखट चटणी, नापी. ताईंनी नापी पुढे ठेवताना जरा चाचरत विचारलं, वास चालेल ना? मावशीने वाटी नाकाशी धरली आणि म्हणाली, "हमारे यहाँ सुकट है. घर में भूनो तो तीसरे घर को मालूम पड़ता है." ताई इतक्या हसल्या की आतून त्यांच्या सासूबाई बाहेर आल्या. बांबूचे कोंब म्हणजे आमच्याकडचे वास्ते. कडूपणा काढायला दोन पाण्यांत उकळायचे, हेही तसंच.

सासूबाई करेनमध्ये बोलत, ताई हिंदीत सांगत. सासूबाईंचे आजोबा जहाजातून उतरले तेव्हा पंधरा-सोळा वर्षांचे होते. परत ब्रह्मदेशात कुणी गेलं का? नाही. तिकडच्या नातेवाइकांची पत्रं पूर्वी यायची, मग थांबली. सासूबाईंनी एक जुनं गीतांचं पुस्तक दाखवलं, ब्रह्मी वळणाच्या गोल गोल अक्षरांतलं. आता मुलं शाळेत हिंदी आणि इंग्रजी शिकतात. ही अक्षरं रविवारी चर्चमध्ये शिकवतात, म्हणून टिकून आहेत.

नाताळ पंधरा दिवसांवर होता. संध्याकाळी चर्चमध्ये गाण्याचा सराव होता. ताई आम्हाला घेऊन गेल्या. पत्र्यावर पाऊस वाजत होता आणि वीस-पंचवीस मुलंमुली चार आवाजांत गात होती, करेन भाषेत. मध्येच वीज गेली. कुणी थांबलं नाही. अंधारात पुढची दोन कडवी त्यांनी पाठ म्हटली, आणि मग कुणीतरी मोबाइलचा उजेड वह्यांवर धरला. मला त्यातला एक शब्दही कळला नाही, पण तो अर्धा तास या सगळ्या प्रवासात मला सर्वांत जवळचा वाटतो.

दिवस पाचवा: 'हम राँची हैं'

सकाळी कर्माटांगच्या किनाऱ्यावर थोडा वेळ घालवून रंगतसाठी गाडी केली. ड्रायव्हर तिशीतला. कुठले तुम्ही, असं विचारल्यावर म्हणाला, "हम राँची हैं." रांचीचे का? "नहीं, राँची तो कभी देखा नहीं." पहिल्या महायुद्धाच्या सुमारास छोटानागपूरच्या पठारावरून उरांव, मुंडा, खडिया मजुरांना वनखात्याने लाकूडतोडीसाठी आणलं. भरती रांचीतून व्हायची, म्हणून इथे त्या सगळ्यांनाच 'राँची' म्हणतात. बंगाल्यांना जमिनी मिळाल्या, करेनांना मिळाल्या. जंगल तोडून रस्ते आणि गावं ज्यांनी उभी केली त्या राँची लोकांपैकी पुष्कळांच्या नावावर कागद नाही. हे त्याने तक्रारीच्या सुरात सांगितलं नाही. मला मात्र ऐकताना राग आला, आणि तो अजून गेलेला नाही.

त्याच्या आजोबांनी हत्तींबरोबर काम केलं होतं. लाकूड ओढायला मुख्य भूमीवरून हत्ती आणले जात. एका कंत्राटदाराचा धंदा बुडाल्यावर त्याचे हत्ती इंटरव्ह्यू बेटावर तसेच सोडून दिले गेले आणि तिथे रानटी झाले.

रंगतच्या अलीकडे पाट्या सुरू झाल्या आणि मावशी खिडकीला चिकटली. ऊर्मिलापूर. दशरथपूर. शबरी. कौशल्यानगर. पर्णशाला. आणि पंचवटी! मावशीचं डी.एड. नाशिकचं, राहायला पंचवटीतच होती. गाडी थांबवून तिने त्या पाटीशेजारी उभं राहून फोटो काढून घेतला. वस्त्या वसवताना ही नावं दिली गेली. जवळच बेटापूरकडे मल्याळी कुटुंबं आहेत, बाजारात तमिळ आणि तेलुगू दुकानदार. सगळे एकमेकांशी बोलतात ती हिंदी.

दुपारी धनीनाल्याच्या तिवरांमधून बांधलेल्या लाकडी वाटेवर चाललो. ७१३ मीटर लांब आहे. खाली चिखलात उड्या मारणारे निवटे, वर नुसती हिरवी सावली, आणि वाट संपते तिथे एकदम उघडा समुद्र. गर्दी नाही. रंगतमध्ये एकच ठिकाण बघायचं असेल तर हे बघा.

दिवस सहावा: जहाज रद्द

सकाळी कळलं, समुद्र खवळलाय, आजची फेरी नाही. लॉजच्या ओसरीवर बसून पागोळ्या बघत होतो. लॉज चालवणाऱ्या दीदी म्हणाल्या, "मेरे पिताजी से मिलोगे?" आणि छत्र्या देऊन आम्हाला जवळच्या गावात घेऊन गेल्या.

आजोबा ऐंशीच्या घरातले. खुलन्याहून निघाले तेव्हा सात वर्षांचे होते. कोलकात्याच्या छावणीत दोन वर्षं, मग जहाज, मग छोटी बोट, मग पत्र्याच्या शेडमध्ये पन्नास कुटुंबं. प्रत्येकाला दहा एकर: पाच भातासाठी सपाट, पाच डोंगराळ. "काग़ज़ पर सपाट," ते म्हणाले. प्रत्यक्षात तिथे जंगल उभं होतं. मोठी झाडं वनखात्याने नेली, बुंधे यांनी जाळले. पहिलं भात हरणांनी खाल्लं. हे चितळ इथले नव्हेत. ब्रिटिशांनी शिकारीसाठी आणून सोडले, आणि खाणारं जनावर बेटावर नसल्याने वाढतच गेले. मग रात्र रात्र डबे वाजवत राखण. आईला या पावसाची भीती वाटायची. खुलन्यातही पाऊस होताच, पण तिथे नदी दिसायची, त्यामुळे पाणी कुठे जाणार ते कळायचं. इथे ते डोंगरातून कुठूनही यायचं.

"गाँव का नाम किसने रखा?" मावशीने विचारलं. "हम आए तो काग़ज़ पर लिखा था." मग थोडं थांबून त्यांनी खुलन्याच्या आपल्या गावाचं नाव सांगितलं, नदीचं सांगितलं, घाटाचं, शाळेचं. मावशीने सगळं वहीत लिहून घेतलं आणि त्यांना परत वाचून दाखवलं. एका ठिकाणी त्यांनी उच्चार सुधारला. निघताना दीदींच्या आईने कागदात बांधून चार रोठा सुपाऱ्या दिल्या. त्या आमच्या देवघरात आहेत.

दिवस सातवा: परत

दुसऱ्या दिवशी जहाज सुटलं, हॅवलॉकमार्गे. समुद्र अजून ढवळलेला; मळमळीची गोळी सुटण्याआधी अर्धा तास घ्या, सुटल्यावर उपयोग नाही.

बऱ्याच वेळाने उजव्या हाताला एक छोटं बेट दिसलं, झाडांनी भरलेलं. स्ट्रेट बेट. ग्रेट अंदमानी लोकांतले उरलेले काही तिथे राहतात, सगळे मिळून पन्नास-साठ. त्यांना १९७० च्या सुमारास सरकारने तिथे वसवलं. परवानगीशिवाय कुणी जाऊ शकत नाही, आणि ते बरोबरच आहे. आम्ही आठवडाभर फिरलो तो दिगलीपूर, मायाबंदर, रंगत हा सगळा मुलूख त्यांचा होता. दहा टोळ्या होत्या, प्रत्येकीची भाषा वेगळी. ब्रिटिश आल्यानंतर गोवर आणि इतर रोगांनी माणसं संपत गेली. उत्तर अंदमानच्या बो भाषेच्या शेवटच्या जाणत्या बोआ सीनियर २०१० च्या जानेवारीत वारल्या. शेवटची काही वर्षं त्यांच्याशी त्यांच्या भाषेत बोलायला कुणीही नव्हतं.

मावशी कठड्याशी उभी होती. तिच्या वहीत एव्हाना गावांची पाच पानं झाली होती: खुलन्याची, करेनांची, रामायणातली. तिने डेकवरच्या खलाशाला विचारलं, या बेटाचं त्यांच्या भाषेतलं नाव काय? त्याला माहीत नव्हतं. त्याने शेजारच्याला विचारलं, त्याने कॅन्टीनवाल्याला. दोन म्हाताऱ्या प्रवाशांनाही विचारून झालं. कुणालाच सांगता आलं नाही. मावशीने वहीत 'स्ट्रेट बेट' लिहिलं, पुढे कंस काढला आणि तो रिकामा ठेवला.